अक्काच्या घरची कढई

जालना स्टेशनवर उतरलो तेव्हा ऊन अंगावर घ्यावंसं वाटत होतं. हातात नाशिकच्या पेढ्यांचा डबा, खांद्याला पिशवी, पिशवीत अक्कासाठी घेतलेलं पातळ. उतरल्या उतरल्या मी परतीची गाडी कधी आहे ते विचारून घेतलं. खोटं कशाला सांगू, अक्कासमोर उभं राहायची हिंमत नव्हती.

कारण आधीच सांगून टाकतो. नाशिकला माझं औषधांचं दुकान आहे. मागच्या पावसाळ्यात एका रात्री दाजींचा (अक्का माझी थोरली बहीण, दाजी तिचे यजमान) फोन आला. छातीत जळजळतंय म्हणाले. मी गादीवरून न उठता सांगितलं, पित्त असेल, घरात आहे ती गोळी घ्या, सकाळी डॉक्टरला दाखवा. ती सकाळ त्यांनी पाहिली नाही. मी डॉक्टर नाही हे मला ठाऊक होतं. पण काउंटरमागे वर्षं काढली की माणसाला आपण डॉक्टरच आहोत असं वाटायला लागतं. मातीला (अंत्यविधीला) गेलो, गर्दीच्या मागे उभा राहिलो आणि आल्या गाडीने परतलो. पुढे अक्काचा फोन आला की मी मोबाइल बायकोच्या हातात द्यायचो. दुकानात कुणी काही विचारलं की तोंड उघडेना. मग दुकान उघडणंच लांबत गेलं.

संक्रांतीनंतर अक्का बायकोला फोनवर म्हणाली, "त्याला म्हणावं, पुऱ्या खाव्या वाटू राह्यल्या." पुऱ्यांचं हे काय, ते आम्हा दोघांनाही कळलं नाही. पण बायको म्हणाली, "बोलावतायत. आता तरी जा."

अंबडवरून घनसावंगीला जाणाऱ्या एसटीत खिडकी मिळाली. वेचून रिकामी झालेली कपाशी, मधेच मोसंबीच्या हिरव्यागार बागा, उसाने लादलेले ट्रॅक्टर. अंबडला कोर्टाच्या तारखेची माणसं फायली सावरत उतरली. मी चहाला उतरलो आणि समोर जालन्याकडे तोंड करून उभ्या असलेल्या एसटीकडे जरा जास्तच वेळ बघत राहिलो.

"ओ पेढेवाले," आमचा कंडक्टर ओरडला, "येता का ऱ्हाता?"

गेलो.

घनसावंगीला काळीपिवळी (भाड्याची जीप) भरायची वाट बघत उभी होती. मी आत बसलो. शेजारी एक म्हातारी मावशी मोसंबी सोलत होती. तिने अर्धी माझ्या हातावर ठेवली आणि विचारलं, "कुणाकडं?"

मी गाव सांगितलं, दाजींचं नाव सांगितलं.

"अगं बाई! देवमाणूस गेला बघ. अन् तू पेढे घेऊन चाललास? त्या घरात अजून कढई चढली न्हाई. दिवाळी कोरडी गेली. शेजारणीनं करंज्या दिल्त्या, त्याबी तिनं गाईला घातल्या."

"का?"

"का म्हंजी? माहेरचं तेल आल्याबिगर दुखवट्याच्या घरात तळण कसं व्हईल? एक भाऊ हाय म्हणं नाशिकला. बिलकुल फिरकला न्हाई. असल्या भावापरीस गोठ्यातला बैल बरा."

आमच्यात ही रीत आहे. दुखवट्याच्या घरी माहेरच्या माणसाने तेल घेऊन जायचं, ते कढईत पडलं की दुखवटा सुटला. हे सगळं आई बघायची. आई गेली आणि रीत माझ्या डोक्यातून पार उतरली. पुऱ्यांचा निरोप मला तेव्हा कळला, हातात मोसंबीच्या फोडी घेऊन.

"मावशी, तो भाऊ मीच."

इतकं सरळ वाक्य मी कित्येक महिन्यांत बोललो नव्हतो. मावशीने मला खालून वर न्याहाळलं.

"मंग इथं बसून काय करू राह्यलास? ऊठ की!"

"मावशी, गाडी सुटायची झाली," ड्रायव्हर म्हणाला.

"सुटंल. तेल घेऊ दे त्याला. जल्दी जा रे. करडईचं बघ, न्हाई तर शेंगदाण्याचं. पामतेल आणलंस तर गाडीत घेणार न्हाई."

भरलेली जीप माझ्या तेलासाठी थांबली. एक जण कुरकुरला, त्याला मावशीनेच गप्प केलं. मी शेंगदाणा तेलाच्या दोन पिशव्या आणल्या. पहिल्याच खड्ड्यात त्यातली एक माझ्या मांडीवर फुटली. पँट गुडघ्यापर्यंत तेलात न्हाली.

"दुसरी हिकडं दे," मावशी म्हणाली. "तुझ्या हाताचा भरवसा न्हाई." तान्हं मूल घ्यावं तशी ती पिशवी तिने मांडीवर धरली. उतरताना माझ्याकडे देऊन म्हणाली, "तिथं रडत बसू नको. तिला तळायचंय."

अक्का अंगणात तुरी पाखडत होती. वाळली होती. तिने माझ्याकडे पाहिलं, मग पँटीकडे.

"तेल आणलंस का नेसून आलास?"

आणि हसली. मला वाटतं, मी त्या हसण्यामुळेच उभा राहू शकलो.

ती कणीक मळत होती तेव्हा मी सुरुवात केली. "अक्का, त्या दिवशी दाजींचा फोन..."

"फोन मीच लावून दिल्ता," ती मान वर न करता म्हणाली. "स्पीकरवर व्हता. समदं ऐकलंय म्या."

मी हातातली तेलाची पिशवी खाली ठेवली.

"तू सकाळी म्हणलास, अन् मला हायसं वाटलं. म्हणलं बरं झालं, आता कुठं गाडी हुडकावी. ते हायसं वाटलं ना, तेच खाऊ राह्यलंय मला. हे कुणाला सांगू? पोरांना सांगू? तुलाच सांगण्यासारखं व्हतं, तर तू फोनच घेईना."

मी समजत होतो, माझं तोंड दिसलं नाही म्हणजे तिला तेवढाच त्रास कमी.

"घाल तेल," ती म्हणाली.

मी कढईत तेल ओतलं. पहिली पुरी फुगली नाही. "पहिली फुगतच नसती," म्हणून तिने ती बाजूला काढली. मग घरभर तळणाचा वास सुटला. शेजारीण दारात येऊन उभी राहिली आणि पदराने डोळे पुसून आत आली. तिघं पोटभर जेवलो. पेढे तसेच राहिले.

दुसऱ्या दिवशी फडक्यात बांधलेल्या पुऱ्या घेऊन निघालो. घनसावंगीच्या स्टँडवर मावशीला शोधलं. सापडली नाही. नावही विचारायचं राहिलं होतं. हे लिहिलं ते खरं तर तिच्यासाठी, आणि माझ्यासाठी थांबलेल्या त्या जीपसाठी. दाजी परत आले नाहीत, माझी चूकही पुसली गेली नाही. पण ती आता मला एकट्याने उचलावी लागत नाही, आणि अक्कालाही तिची.

पँटीचा डाग निघाला नाही. ती घालूनच दुकान उघडलं. चार दिवसांनी एक गृहस्थ आले, छातीत जळजळतंय, गोळी द्या म्हणाले आणि बाहेरच्या बाकावर बसले. मी शटर खाली ओढलं, स्कूटरची चावी घेतली.

"अहो, नुसती गोळी द्या," ते म्हणाले.

"इथं बसून काय करू राह्यलात?" मी म्हणालो. "उठा की!"