शेवटच्या दृश्याचं व्हायोलिन

चाळिशीला टेकला तरी घरात तो छोट्याच होता. आई लवकर गेली, वडील असून नसल्यासारखे. त्याला न्हाऊमाखू घालण्यापासून हाती व्हायोलिन देण्यापर्यंत सगळं अक्कानं केलं. त्याच्यापायी तिनं वाद्यवृंदातली स्वतःची जागाही सोडली. पंधरा वर्षं तो जाहिरातींच्या धून आणि मालिकांतले ‘धडाम्‌ धडाम्‌’ करत राहिला. अखेर एका चित्रपटाचं पार्श्वसंगीत मिळालं, तेव्हा पहिला फोन अक्काला.

“शेवटच्या दृश्यात तूच वाजवायचंस.”

“अरे, बोटं गंजली आता माझी.”

“गंजू देत. मला तुझाच सूर हवाय.”

महिनाभर अक्कानं रियाज केला. शेजारीण भिंतीवर थापा मारून दमली, पण ही काही हटली नाही.

स्टुडिओतल्या पडद्यावर एक म्हातारा रिकाम्या घराला कुलूप लावत होता. अक्कानं तारेवर गज टेकवला. सूर नेमका लागला, पण लांबवताना थरथरला. दुसऱ्यांदा तेच, तिसऱ्यांदाही तेच. सातव्या टेकला काचेपलीकडच्या साउंड इंजिनियरनं नजर खाली वळवली.

“झालं का रे तुझ्या मनासारखं?” हेडफोन काढत अक्कानं विचारलं.

“झालं की! एकदम फर्स्टक्लास.”

दिग्दर्शकानं ऐकलं आणि म्हणाला, “माझा म्हातारा खंबीर आहे, अन् सूर कापतोय. बदलू या.” छोट्याला भांडता आलं असतं. पण त्याचे कानही तेच सांगत होते. चार दिवसांनी दुसऱ्या एका वादक बाईनं तासाभरात ते काम हातावेगळं केलं. पुढे दोन महिने तो अक्काला फोन करायचा, इकडचं तिकडचं बोलायचा, आणि नेमकं तेवढंच ओठांवर येऊन परत फिरायचं.

पहिल्या खेळाला अक्का ठेवणीतले कपडे घालून आली. शेवटचं दृश्य लागलं तशी तिची बोटं मांडीवर चालू लागली, आणि पहिल्याच सुराला थांबली. छोट्या शेजारीच बसला होता. त्यानं मान वळवली नाही.

बाहेर लोक त्याच्या पाठीवर थाप मारत होते. गर्दी ओसरल्यावर अक्का म्हणाली, “छान वाजवलंय. कोण आहे?”

“अक्का, मी सांगणारच होतो...”

“हात थरथरतो हे मला कळत नव्हतं होय रे? मीच म्हणाले असते, दुसरी कुणी बघ म्हणून. पण तू माझ्याशी खोटं बोललास, छोट्या.”

तो ‘चुकलो’ म्हणाला. तीही ‘असू दे’ म्हणाली.

आता त्याच्या हाती तिसरा चित्रपट आहे. पूर्वी त्यानं एखादी चाल ऐकवली की अक्का तिची चिरफाड करायची, एकेका ओळीवर तास तास वाद घालायची. तो अजूनही प्रत्येक चाल आधी तिलाच पाठवतो. ती शेवटपर्यंत ऐकते आणि म्हणते, “छान आहे.”