एका 'टक्'साठी कागलला

बापूंचा फोन आला तेव्हा मी पुण्यात एडिटिंगच्या टेबलावर निवांत चहा पीत होते. गुऱ्हाळावरचा आमचा माहितीपट संपत आला होता, रविवारी कोल्हापुरात तो गुळाच्या व्यापाऱ्यांना दाखवायचा होता आणि त्याची कच्ची सीडी मी त्यांना पाठवली होती. बापू म्हणजे कागलजवळच्या एका गुऱ्हाळातले गुळवे. काहिलीतला, म्हणजे रस उकळायच्या मोठ्या कढईतला, पाक कधी उतरवायचा, हे ठरवणारा माणूस.

"ताई, त्या सीडीत म्या कच्चा गूळ उतरवलाय की! रविवारी कोल्हापुरात समदं व्यापारी बघणार. मग मला कामाला कोण ठेवंल?"

त्यांचं खरं होतं. पाकाचा थेंब गार पाण्यात टाकायचा आणि त्याची गोळी काहिलीच्या काठावर आपटायची. तयार असेल तर 'टक्' वाजते, कच्ची असेल तर 'थप'. शूटिंगमधला खरा 'टक्' चरकाच्या इंजिनाच्या धडधडीत बुडाला होता. 'थप' कानाला गोड लागला, म्हणून शहाणपणा करून मी काहील उतरवण्याच्या दृश्याला तोच जोडला होता.

शुक्रवारी पहाटे स्वारगेटहून एसटी धरली. कोल्हापूरला स्टँडसमोर मिसळ खाल्ली (तिखट सोसत नसेल तर कट वेगळा मागा) आणि पुढे वडापने, म्हणजे कोंबून भरलेल्या जीपने, कागल. तुम्ही जाणार असाल तर डिसेंबर-जानेवारीत जा. मी फेब्रुवारीअखेर पोहोचले तेव्हा हंगामातली शेवटची काहील चुलवणावर चढली होती. आज 'टक्' मिळाला नाही तर संपलंच.

बापूंनी माझ्यासाठी इंजिन बंद करायला लावलं. मी हेडफोन चढवून माइक काठाशी धरला. पाक रटरटत होता. पहिली गोळी, थप. दुसरीही थप. तिसरी, टक्!

"उतरवा!" बापू ओरडले.

नेमका त्याच क्षणी माझा हात सवयीने वर गेला. "थांबा, एकदा अजून!"

शूटिंगच्या दिवसांत माझा हात वर गेला की सगळे जागच्या जागी उभे राहायचे. काहिलीला दांडे लावलेली माणसं तशीच उभी राहिली.

"आरं, वडा की!" बापू पुन्हा ओरडले.

काहील उतरली, पण तोवर पाक जास्त शिजून पुढे गेला होता. वाफ्यात, म्हणजे पाक ओतून गार करायच्या हौदात, पिवळाधमक गूळ पडायचा, तो काळपट पडला. गुऱ्हाळाचे मालक धावत आले.

"बापू, ह्ये काय झालं?"

मी तोंड उघडणार, तोच बापू म्हणाले, "माजाच अंदाज चुकला, मालक. पावण्यास्नी काय बोलू नगा."

मी माइकची वायर गुंडाळायला घेतली. लाज वाटत होती, तरी गुंडाळत राहिले.

रविवारी व्यापाऱ्यांनी नव्या 'टक्'ला माना डोलावल्या. बापू पहिल्या रांगेत ताठ बसले होते.

याला दोन वर्षं झाली. त्या दिवशीच्या आवाजाची टेप माझ्या कपाटात आहे. 'टक्'नंतर तिच्यात माझा 'थांबा' आहे आणि त्यामागे बापूंचं 'माजाच अंदाज चुकला'. फिल्मसाठी मी 'टक्' तेवढा ठेवला, बाकीचं कापलं. मालकांना मी अजून खरं सांगितलेलं नाही. त्या हंगामानंतर त्यांनी बापूंच्या जागी दुसरा गुळवा ठेवला.