दाराकडे तोंड केलेले बूट

सिमेंटची धूळ बसलेले बूट दिसले की मला गडचांदूरच्या सिमेंट कारखान्यातल्या जपानी इंजिनीअर साहेबांचं घर आठवतं. मी तिथे स्वयंपाकाला होते. साहेबांचा तरणा मुलगा न सांगता ट्रकवाल्यांसोबत भटकायचा. एकदा तो दोन दिवसांनी उगवला अन् सरळ झोपून गेला. साहेब भिंतीकडे बघत बसले. बाई रडल्या, मग उठून त्यांनी त्याचे बूट पुसले अन् रोजच्यासारखे दाराकडे तोंड करून ठेवले. माझं डोकंच फिरलं. म्हटलं, "बाई, पोरगा घरात टिकून नाई राह्यला, अन् तुमी त्याले जायची तयारी करून देता?" तुटक हिंदीत त्या म्हणाल्या, "वो तो जाएगा. जाते टाइम गिरना नहीं." आता माझा पोरगाही न सांगता जातो. शिव्या देत देत मी त्याच्या चपलांची तोंडं दाराकडे करते.