धुतलेली मुळं

गव्हाणे सरांना मी पहिल्यांदा पाहिलं ते आमच्या संशोधन केंद्राच्या शेतात, हरभऱ्याच्या ओळीत उकिडवे बसलेले. मी नवी विद्यार्थिनी. त्यांनी मला एक झाड उपटायला लावलं आणि विचारलं, "हातात काय आलं?"

"झाड."

"आणि मुळाला चिकटलेली माती कोणी बघायची?"

ते दिवस जनुकं वाचण्याचे होते. सरांचा त्याला विरोध नव्हता. ते म्हणत, जनुकांची मांडणी म्हणजे गावाची मतदारयादी. ती हवीच, पण कोण कोणाच्या मदतीला धावतं ते यादीत सापडत नाही, त्यासाठी गावात जावं लागतं.

सर गेले तिसगावला, हिराबाई नावाच्या शेतकरी बाईंच्या रानात. तिथल्या एका तुकड्यात हरभऱ्याला मर रोग लागत नसे. "सायेब, ह्येच बी माज्या भनीनं नेवाशाला पेरलं, तर समदं वाळून गेलं. लई नवल हाय," हिराबाई म्हणाल्या. सरांचं अनुमान असं, की रोगाशी लढणारं जनुक बियाण्यात आहे, पण त्याला जागं करतात त्या मातीतले सूक्ष्मजीव. दोन्ही एकत्र तपासायला हवेत.

मातीसकट झाडं आणायला त्यांनी मला पाठवलं. मी आणली आणि प्रयोगशाळेच्या सवयीने नळाखाली पांढरीशुभ्र होईपर्यंत मुळं धुतली. जनुकं सुरेख वाचता आली. माती बेसिनमधून गेली. सरांनी रिकाम्या बेसिनमध्ये वाकून पाहिलं. मग म्हणाले, "पुन्हा आणू." पण पुढच्या हंगामाआधीच हिराबाईंच्या मुलांनी त्या तुकड्यात शेततळं खोदलं.

माझे वडील दवाखान्यात होते तेव्हा माझ्या कुंड्यांना आठ दिवस पाणी घालून माझ्या वहीत नोंदी करणारे हेच सर. प्रकल्पाच्या आढावा समितीने त्यांना विचारलं, "मातीचा पुरावा कुठे आहे?" मी समोरच बसले होते. त्या धुतलेल्या मुळांवरचा माझा शोधनिबंध छापून येणार होता, नोकरी त्यावरच अवलंबून होती. मी गप्प बसले. सरांनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "नमुने राहिले नाहीत." माझं नाव घेतलं नाही. त्यांचा प्रकल्प बंद झाला, मला नोकरी लागली. आता त्याच समितीतली मंडळी हा गौरवग्रंथ काढत आहेत आणि "सरांच्या द्रष्टेपणावर" माझ्याकडून लेख मागत आहेत. लाज आम्हा कोणालाच वाटत नाही.

गेल्या महिन्यात सरांच्या घरी गेले. गच्चीवर एका जुन्या घमेल्यात हरभरा उभा होता, हिरवागार. तळं खोदताना हिराबाईंनी पोतंभर माती वेगळी काढून ठेवली आणि प्रकल्प बंद झाल्यावर ती सरांना पाठवली होती. आम्हा शिकलेल्यांपैकी कोणाला ते सुचलं नव्हतं.

"सर, एक झाड द्याल? आता मातीतल्या जिवांची जनुकंही एकत्र वाचता येतात."

सर शांतपणे म्हणाले, "राहू दे. तुझे हात फार स्वच्छ आहेत."

सरांना निरोगी, दीर्घ आयुष्य लाभो. या शुभेच्छेत माझा स्वार्थ आहे. ते घमेलं माझ्या हाती द्यावंसं त्यांना वाटेपर्यंत तरी त्यांनी असायला हवं.