दोन आरसे आणि एक खोकला

साल एकोणीसशे चौऱ्याऐंशी. मी तेव्हा एक्कावन्न वर्षांचा होतो, आणि आमच्या बाई सारखी मान हलवायच्या.

नाही म्हणायला नव्हे. एक डोळा मिटून, जरा डावीकडे, जरा उजवीकडे, सावकाश. मुलुंड पूर्वेला एका ज्युनिअर कॉलेजात त्या फिजिक्स शिकवायच्या आणि मी त्या प्रयोगशाळेचा शिपाई. कागदावर परिचर असं लिहितात, पण हाक शिपाई म्हणूनच येते. मुलं मला मामा म्हणायची, म्हणून बाईही मामाच म्हणायच्या. माझं शिक्षण चौथी. तेही देवगडकडच्या शाळेत, जिथे मास्तर एक आणि वर्ग चार. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढे जे झालं ते या चौथीपायी झालं.

ती मान बाजारातही हलायची. एकदा मासळीबाजारात मी त्यांच्या मागेच उभा होतो. बाई पापलेटाकडे बघतायत, मान डावीकडे, मान उजवीकडे. कोळणीने आधी दहा रुपये उतरवले, मग अजून पाच, आणि शेवटी भडकून म्हणाली, "नको तं नको गो बाय, मान कशाला हलवतेस?" बाई दचकल्या. म्हणाल्या, "अहो, मी नुसती बघत होते." तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील, ज्यांचं काम त्यांच्या अंगात शिरलेलं असतं. सुतार गप्पा मारतानाही दाराची चौकट नजरेने मोजतो. तसंच हे, असं मला वाटायचं. तेव्हा तेवढंच वाटलं.

ती मान कशासाठी हलायची, ते सांगतो. मलाही ते त्यांनीच शिकवलं, आणि मी शिकायला अजिबात तयार नव्हतो.

त्याच्या आधीच्या एका दिवाळीच्या सुट्टीत आम्ही दोघं कपाटांतलं सामान मोजत होतो. बाई म्हणाल्या, "मामा, इकडे या. हे बघा." मी म्हटलं, "माझं काम काचा पुसायचं."

"मग जे पुसता त्यात काय दिसतं ते तरी बघा."

"बावीस वर्षं बघतोय. माझं तोंड दिसतं."

त्या हसल्या नाहीत. मला खिडकीपाशी नेलं. गजाजवळ एक बोट धरायला लावलं आणि म्हणाल्या, "समोरच्या बिल्डिंगवरची टाकी बोटामागे लपवा. लपली? आता डोकं हलवा." हलवलं. टाकी बोटामागून बाहेर आली. "सुटली ना? सुटली, कारण दोघांची जागा वेगळी. जागा एक असती तर कितीही मान हलवा, सुटली नसती. डोळ्यावर विश्वास नको, मामा. मान हलवून बघा."

मग फुगीर आरसा काढला. मोटारीच्या बाजूला असतो तसा, पोट पुढे आलेला. त्याच्यासमोर स्टँडवर एक लांब सुई उभी केली. आरशात सुई दिसली, लहानशी, काचेच्या आत कुठेतरी. मी म्हटलं, "सावली दिसते." त्या म्हणाल्या, "सावली नव्हे, प्रतिमा. पण आहे कुठे ती?" मी म्हटलं, "आत." "आत किती? तिथे हात पोचत नाही, पट्टी पोचत नाही. मोजाल कशी?"

मला राग आला. बावीस वर्षं तो आरसा पुसतोय आणि हा प्रश्न मला कधी पडला नव्हता.

बाईंनी पिशवीतून एक साधा सपाट आरसा काढला, वीतभर लांब, दोन बोटं उंच. त्यांच्या आईचा जुना आरसा तडकला होता, त्यातून कापून घेतलेला. तो सुई आणि फुगीर आरसा यांच्यामध्ये उभा केला. आता खालच्या अर्ध्यात सपाट आरशातली सुई, वरच्या अर्ध्यात फुगीर आरशातली सुई. दोन सुया, एकावर एक. "सपाट आरसा खोटं बोलत नाही," बाई म्हणाल्या. "सुई त्याच्यापुढे जेवढी लांब, तेवढीच लांब त्याच्यामागे दिसते. म्हणजे त्यातल्या सुईची जागा आपल्याला मोजता येते. आता हा आरसा मागेपुढे सरकवायचा आणि मान हलवत राहायचं. दोन्ही सुया सुटायच्या थांबल्या, एकत्र चालायला लागल्या, की समजायचं, एकीची जागा तीच दुसरीची."

मी तासभर सरकवत बसलो. आणि एका जागी त्या दोन्ही सुया माझ्या मानेबरोबर एकत्र चालल्या. बैलाच्या जोडीसारख्या. बाई म्हणाल्या, "सुटल्या का?" मी म्हटलं, "नाय सुटत." त्या म्हणाल्या, "माझ्या वर्गात इतक्या लवकर कोणाला जमलेलं नाही." खरं असेल, खोटं असेल. मी घरी जाऊन बायकोला दोनदा सांगितलं.

चौऱ्याऐंशीच्या गणपतीनंतरची गोष्ट. बाई नोटीस बोर्डापुढे उभ्या होत्या, मान एकीकडे कलती करून. मी गमतीने म्हटलं, "काय बाई, कोंबडीसारखं काय बघताय?"

त्या स्टुलावर बसल्या. आजूबाजूला कोणी नव्हतं. म्हणाल्या, "मधलं गेलं, मामा. जिथे बघते तिथेच नेमकं काही नसतं. कडेचं सगळं दिसतं. आत्ता तुमचा कान दिसतोय. तोंड दिसत नाही."

डॉक्टरांनी सांगितलं होतं, डोळ्याचा आतला पडदा खराब झालाय, उपाय नाही. दीड वर्ष झालं होतं. दीड वर्षात कोणाच्या लक्षात आलं नाही, कारण कडेने बघायला मान फिरवावी लागते, आणि बाईंची मान तर फिरतच असायची. म्हणजे ती कोळीण जेव्हा वैतागली, तेव्हा बाई खरंच पापलेट शोधत होत्या.

"ही एक बॅच काढू द्या," म्हणाल्या. "यांची बारावीची प्रॅक्टिकल झाली की माझं मीच जाऊन सांगेन, डोळे गेले, थांबते म्हणून. कोणी पकडून बाहेर काढायच्या आधी. घरी आईलाही अजून सांगितलेलं नाही."

त्यांना एवढंच हवं होतं. आपल्या पायांनी बाहेर पडायचं.

शिकवायला त्यांना डोळे लागत नव्हते, सगळं पाठ होतं. अडायचं एकाच ठिकाणी. मुलाने मांडणी केली की बाईंनी वाकून बघायचं आणि सांगायचं, प्रतिमा एकत्र आहेत की सुटतायत. मधली बारीक सुई त्यांना दिसणं शक्य नव्हतं. म्हणून आमचं ठरलं. फडकं घेऊन मी टेबलांमधून फिरायचो, मुलाच्या खांद्यावरून आधी बघून घ्यायचो आणि मोरीकडे जाऊन उभा राहायचो. बाई वाकल्या, मान हलवली, की मी खोकायचो. एकदा खोकलो तर एकत्र. गप्प राहिलो तर सुटतायत.

चार महिने असं चाललं. माझा खोकला कॉलेजभर गाजला. एका मुलीने घरून अडुळशाचा काढा करून आणला. बाई मला हळूच म्हणाल्या, "घ्या, पण तुम्ही बरे होता कामा नये." मी तो काढा मोरीत ओतला. मोरी चांगली झाली असेल.

मला सांगायला लाज नाही, त्या चार महिन्यांत माझी छाती फुगली होती. चौथी शिकलेला माणूस बारावीच्या मुलांची प्रॅक्टिकल तपासत होता.

परीक्षेच्या आदल्या दिवशी प्रिन्सिपल लॅबमध्ये आले. कोणीतरी त्यांचे कान भरले होते की शिपाई मुलांना रीडिंगं सांगतो. मी कपाटाच्या उघड्या दारामागे लेन्स लावत होतो, त्यांना दिसलो नाही. त्यांनी बाईंना विचारलं. बाई पटकन म्हणाल्या, "छे हो सर. त्यांना काय कळतंय त्यातलं? चौथी शिकलेत. काचा पुसतात, बस." आणि थोडं हसल्या.

का म्हणाल्या ते मला त्याच क्षणी कळलं होतं. मी अडाणी आहे, मूर्ख नाही. संशय काढायचा तर दुसरं काय म्हणणार होत्या? पण कळणं एकीकडे आणि ते हसणं एकीकडे.

प्रिन्सिपल गेल्यावर मी बाहेर आलो. बाई गडबडल्या. "मामा, राग मानू नका. सरांसमोर मला..."

मी म्हटलं, "राग कसला बाई? मी चौथी शिकलेला. काचा पुसतो."

"उद्या आहात ना तुम्ही?"

"ड्युटी आहे. असणारच."

घरी बायकोने तोंड बघून सगळं काढून घेतलं. म्हणाली, "तुमचो ताठो तुमकाच खातलो." मी जेवलो आणि झोपलो. छान झोपलो, हेही लिहून ठेवतो.

दुसऱ्या दिवशी बाहेरच्या कॉलेजचे परीक्षक आले. सफारी घातलेले, कमी बोलणारे. पहिले सहा जण विजेच्या प्रयोगांचे गेले. सातवी मुलगी आरशांची. काढा आणणारी तीच. तिची मांडणी झाली तशी मी फडकं घेऊन तिच्या मागून गेलो आणि बघितलं. दोन्ही सुया एकत्र होत्या. इतक्या एकत्र की मला स्वतःला इतकं चांगलं कधी जमलं नव्हतं. मी मोरीपाशी जाऊन उभा राहिलो.

बाई वाकल्या. मान डावीकडे, मान उजवीकडे. थांबल्या.

मी खोकलो नाही.

त्यांनी पुन्हा मान हलवली. मला वेळ देत होत्या. घसा माझाच होता, मी तो बंद ठेवला.

"सुटतायत अजून," बाई म्हणाल्या. "परत कर."

मुलगी म्हणाली, "बाई, एकत्रच आहेत. मी चारदा बघितलं."

"नाहीत. परत कर."

मुलीचे डोळे भरले. परीक्षक उठून आले. वाकून बघितलं, बाईंकडे बघितलं, परत बघितलं. म्हणाले, "मॅडम, हे तर अगदी बरोबर आहे." बाई म्हणाल्या, "नाही सर." आणि मुलीकडे वळल्या. तेवढ्यात त्या माणसाने काय केलं, तर सुई स्टँडसकट अलगद उचलली आणि बाजूच्या टेबलावर ठेवली. आवाजही झाला नाही. म्हणाला, "आता बघा, मॅडम."

आता दोन्ही आरशांत काहीच नव्हतं. नुसती मागची भिंत.

बाई वाकल्या. मान डावीकडे. मान उजवीकडे. माझ्यासाठी थांबल्या. आणि म्हणाल्या, "सुटतायत."

कोणी काही बोललं नाही. ती शांतता ऐकूनच त्यांना कळलं असावं. त्यांनी हात पुढे केला, सुई असायला हवी होती तिथे टेबल चाचपलं. बोटांना पट्टी लागली. पट्टीवरून बोटं शेवटपर्यंत गेली. मग त्यांनी हात मागे घेतला, पदर नीट केला आणि त्या मुलीला म्हणाल्या, "तू रीडिंग लिही. घाबरू नको."

त्यानंतर बाई कॉलेजात आल्या नाहीत. परीक्षकांनी जे सांगायचं ते प्रिन्सिपलना सांगितलं, आणि ज्या गोष्टीला त्या घाबरत होत्या तीच झाली.

त्यांचं घर माझ्या घरापासून दहा मिनिटांवर. मी तीन महिने गेलो नाही. त्यांनी आधी माझा अपमान केला, असं स्वतःला रोज सांगायचो. सांगून सांगून ते पटेनासं झालं. मे महिन्याच्या शेवटी मी त्यांचा सपाट आरसा फडक्यात गुंडाळला आणि तो परत द्यायचं निमित्त करून निघालो.

दोन जिने चढताना मला खरोखरचा खोकला आला. वरून लगेच आवाज, "मामा ना? या. दार उघडंच आहे."

घरात ट्रंका बांधलेल्या होत्या. आई आत कपडे भरत होत्या. दुसऱ्या दिवशी सकाळी भाऊ त्यांना दोघींना नागपूरला न्यायचा होता, कायमचं. बाईंनी कोकम सरबत दिलं. पेला माझ्या हाताच्या जरा बाजूला धरला, मी हात तिथे नेला. आरसा घेतला नाहीच. म्हणाल्या, "मी काय करू त्याचं? लॅबमध्येच राहू दे. पुसत जा."

मग म्हणाल्या, "मामा, एक विचारायचं राहिलंय. सुई उचलल्यावर मला कळलं नाही, ते सोडा. ती माझी फजिती होती. पण त्याच्या आधी ती मुलगी म्हणत होती एकत्र आहेत, ते सरही म्हणाले. मी नाही म्हटलं, कारण तुम्ही खोकला नाहीत. तुम्ही खोकला नाहीत म्हणजे सुटलेल्याच असणार. चार महिन्यांत तुम्ही एकदाही चुकला नव्हता. मी आईलाही हेच सांगते, माझे डोळे गेले पण माझा निकाल बरोबर होता. होता ना?"

त्या माझ्या कानाकडे बघत होत्या. म्हणजे माझं तोंड शोधत होत्या.

मी म्हटलं, "हो बाई. सुटल्या होत्या."

त्यांनी श्वास सोडला. "बघा," म्हणाल्या. "तेवढं एकच इथून घेऊन जायचं होतं."

मी आरसा घेऊन खाली उतरलो. मी ते त्यांना बरं वाटावं म्हणून बोललो की माझं झाकलं जावं म्हणून, ते मला आजही ठरवता येत नाही. पण त्यांनी आयुष्यभर सगळ्यांना एकच विचारलं होतं, प्रतिमा नेमकी कुठे आहे ते सांगा. आणि मी त्यांना चुकीची जागा सांगून आलो होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी तोंडही न धुता मी निघालो. सहा वाजले असतील. दूधवाला खाली बाटल्या उतरवत होता. जिने भरभर चढायला गेलो, पण पहिल्याच मजल्यावर शेजारीण भेटली. म्हणाली, "बाईंकडे? गेले ना ते पहाटेच, टॅक्सीने." तरी मी वर गेलो. दाराला कुलूप होतं. नवं, पितळी. त्यात माझं तोंड दिसलं, लहान आणि फुगलेलं.

मी तिथे उभा राहिलो आणि एकदा खोकलो.

वरून, आतून, कुठूनही कोणी या म्हटलं नाही. मग मी खाली उतरलो.