राहेलबाईंच्या ओव्या

तार आली तेव्हा मी पुण्याच्या शाळेत मुलींचं शिवण तपासत होते. गेवराईहून मला तार यायला दुसरं कारणच नव्हतं, त्यामुळे ती न उघडताच मी हातातलं कापड बाजूला ठेवलं. आई गेली होती. मी पोहोचेपर्यंत तिला मातीही दिली होती आणि ते योग्यच झालं. आमच्यात मयत ठेवून घेत नाहीत, आणि जिवंतपणी जी कुणासाठी थांबली नाही ती आता कशाला थांबेल? शेजारच्या शरीफाबीने तिला न्हाऊ घातलं. कफनाचं पांढरं कापड आईने स्वतःच्याच हाताने शिवून ट्रंकेच्या तळाशी ठेवलेलं होतं. पलीकडच्या सोनाबाईच्या मुलांनी ओढ्याच्या अलीकडे, वडिलांच्या शेजारी, कबर खणली. "लई हलकी झालती बेटी तेरी मां," शरीफाबी मला म्हणाली, "पर तोंड तसंच व्हतं. कुनाचं ऐकनार न्हाई, असं." मला रडता रडता हसू आलं. ते तोंड मी चांगलं ओळखत होते.

आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले यहुदी. शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवणारे म्हणून तिकडे आम्हाला शनवार तेली म्हणत. वडील निजाम सरकारच्या दवाखान्यात कंपाउंडर म्हणून गेवराईला आले आणि त्यांच्यामागून आई आली. अख्ख्या तालुक्यात आमचं घर एकटंच. हिंदूंना वाटे आम्ही मुसलमान असू, मुसलमानांना वाटे हिंदू असू, आणि आईला त्याची भारी मौज वाटे. मी नऊएक वर्षांची आणि धाकटा बिन्यामिन, आमचा बेनू, सहा-सात वर्षांचा असताना वडील तापाने गेले. सगळ्यांनी धरलं होतं की ती आता कोकणात माहेरी जाणार. ती गेली नाही. "त्यांची कबर इथं हाय, माझी शिवणाची मशीन इथं हाय," ती म्हणाली, "आणि इथं मला राहेलबाई म्हणतात. तिकडं गेले की मी नुसती कुणाची तरी विधवा." इतक्या वर्षांत तिच्या कोकणी बोलण्यात गेवराई अशी मिसळली होती की तिच्या माहेरचे लोक तिला हसत.

धर्म तिने तिच्या पद्धतीने सांभाळला. शुक्रवारी सूर्य बुडायच्या आत काचेच्या पेल्यात पाण्यावर तेल घालून शब्बाथचा, आमच्या पवित्र शनिवारचा, दिवा लागायचाच. आमच्या रीतीने बकरं कापणारं कुणी नव्हतं म्हणून मटण घरात कधी शिजलं नाही. खवल्यांची मासळी मात्र चाले, ती गोदावरीची यायची. दारफळणीच्या सणाला, आमच्या मोठ्या उपासाच्या दिवशी, ती पांढरं लुगडं नेसून दार लावून बसायची आणि त्या दिवशी गल्लीतलं कुणीही कडी वाजवत नसे. पण तिला वाचता येत नव्हतं, मराठीही नाही आणि आमच्या ग्रंथाची इब्रानी भाषा तर नाहीच. पवित्र ग्रंथातल्या गोष्टी तिला तिच्या आईने तोंडी सांगितलेल्या, आणि त्या आमच्यापर्यंत यायची एकच वाट होती... जातं. पहाटे ती आणि सोनाबाई समोरासमोर बसत. चाल सोनाबाईची, गोष्ट आईची. मिसरच्या, म्हणजे इजिप्तच्या, राजाने यहुद्यांचे मुलगे जन्मताच मारा म्हणून हुकूम केला आणि दोन सुइणींनी तो ऐकलाच नाही, ही गोष्ट आमच्या गल्लीतल्या सुईणीला इतकी आवडली होती की ती आपलं दळण मुद्दाम आमच्याकडे घेऊन यायची. मग पुढे यहुद्यांना मिसरातून सोडवणाऱ्या मोशेच्या आईने बाळाला तीन महिने लपवलं आणि शेवटी लव्हाळ्याच्या पेटीत घालून नदीत सोडलं, तिथे आई जरा दम घेऊन म्हणायची,

लव्हाळ्याची केली पेटी, वर राळेचा लेप देते
गोदामाई तुझ्या ओटी, बाळ माझं मी घालते

यावर बायका डोळ्यांना पदर लावत. "मंग म्होरं काय झालं त्या लेकराचं?" कुणीतरी विचारायचंच, आणि आई म्हणायची, "उद्या. पीठ झालं."

बेनू दहा वर्षांचा होत आला तेव्हा मुंबईहून थोरले काका आले. काका करारी होते, शिकलेले होते, आणि मनाने वाईट मुळीच नव्हते. त्यांना मूल नव्हतं. भावाचा एकुलता मुलगा रानात धर्म विसरून वाढतोय, ही त्यांची काळजी खरी होती, आणि त्याला मुंबईला न्यायचं ठरवूनच ते आले होते. आल्या दिवशी संध्याकाळी त्यांनी आम्हा दोघांना समोर बसवलं आणि बेनूला विचारलं, "मोशे रब्बेनूंना, आपल्या गुरूंना, पाण्यात कुठं सोडलं होतं, सांग."

बेनूने क्षणाचाही विचार केला नाही. "राक्षसभुवनच्या घाटावर."

काका त्याच्याकडे बघतच राहिले. राक्षसभुवन आमच्या तालुक्यातलं गोदाकाठचं क्षेत्र. वडील असताना आम्ही एकदा बैलगाडीतून तिथे गेलो होतो आणि आमच्या माहितीत तेवढीच एक नदी होती. काकांचा चेहरा पाहून माझा भाऊ आणखी खुलला. पेटी वाहत शहागडाला लागली, तिथे राजाची लेक अंघोळीला आली होती, ती हैदराबादहून पालखीत बसून आली होती आणि बाळ तिनेच उचलून घेतलं, असं त्याने सगळं नीट सांगितलं. काकांनी आधी उठून दार लावून घेतलं. बाळं मारणाऱ्या राजाची लेक हैदराबादची आहे, हे निजामाच्या राज्यात मोठ्याने सांगण्यासारखं नव्हतं.

"राहेल, हे काय शिकवलंस तू?" ते म्हणाले. "नाईल नदी ती. मिसर देशात. आणि जात्यावर? पवित्र ग्रंथ जात्यावर? गाणाऱ्या बाईचा आवाज पुरुषाच्या कानावर पडू नये, असं आपलं शास्त्र आहे."

"आमचं दळण पुरुष उठायच्या आत होतं, भाऊजी," आई म्हणाली. "कुणाच्या कानावर पडणार?" मग ती गंभीर झाली. "मी नाईल पाहिली नाही. गोदा पाहिली आहे. पावसाळ्यात तिच्यात बैल वाहून जाताना पाहिलाय. बाळ पाण्यात सोडताना त्या माउलीचं काय झालं असेल, हे लेकरांना कळायला मला पाहिलेलं पाणीच पाहिजे. चुकलं असेल तर तुम्ही नाव दुरुस्त करा. रडणं दुरुस्त करू नका."

वाद तिने जिंकला होता, आम्हा पोरांनाही ते समजलं. म्हणूनच दुसऱ्या सकाळी ती बेनूचे कपडे धुऊन घड्या घालायला लागली तेव्हा मला काही कळेना. मी विचारलं, तर म्हणाली, "गोष्ट मी देऊ शकते. प्रार्थनेला दहा पुरुष लागतात, ते मी कुठून आणू? पुढं त्याला त्या दहांत उभं राहता आलं पाहिजे. नाही आलं तर तो मला विचारील, काहून ठेवलंस मला इथं?" माझ्याबद्दल तिने काकांना आधीच बजावलं होतं, मुलगी माझ्याजवळ राहील. तिचा निर्णय योग्य होता असं मी आजही म्हणेन. तो तिने एकटीने घेतला आणि त्याचं ओझं कुणाच्याही डोक्यावर ठेवलं नाही.

जालन्याला रेल्वे, आणि मधे शहागडला गोदावरी. तेव्हा पूल नव्हता. पावसाळा नुकताच सरला होता, पाणी अजून गढूळ आणि रुंद होतं, होडीनेच पलीकडे जावं लागे. आम्ही दोघी काठापर्यंत गेलो. आईने बेनूला उचलून होडीत ठेवलं. उचलण्याच्या वयाचा तो राहिला नव्हता, तरी उचललं. काका त्याच्या शेजारी बसले. होडी सुटली तशी आई वळून झाडाकडे चालायला लागली आणि मला म्हणाली, "तू थांब. पलीकडं लागेपर्यंत बघत राहा, आणि मग मला येऊन सांग." मी उभी राहिले. होडी पलीकडे लागली, बेनू उतरला, त्याने हात केला. मी जाऊन आईला सांगितलं. तिने मान हलवली, आणि घरी येईपर्यंत आम्ही दोघी त्या दिवशीच्या भाजीबद्दल बोलत होतो.

दोनेक वर्षांनी तो सुट्टीला आला तो काका-काकूंबरोबर. उंच झाला होता, इब्रानी घडाघड वाचत होता, आईने त्याला अंगणात बसवून सगळ्या गल्लीला ते ऐकवलं. काकू मायेची बाई होती, तिने त्याला जिवापाड वाढवलं होतं. जेवताना त्याने हाक मारली, "आई, भाकरी." आमची आई उठली. तो काकूकडे बघत होता. काकू बिचारी कानकोंडी झाली. आईने भाकरी आणून काकूच्या हातात दिली आणि म्हणाली, "वाढा त्याला. तुमच्या हातची सवय आहे त्याला." आवाज अगदी साधा होता. मला तेव्हा काकूचा राग आला होता, बेनूचाही आला होता. आईला आला होता का, हे मला कधीच कळलं नाही. मी पुढे शिकून शिक्षिका झाले, लग्न होऊन पुण्याला गेले. वर्षातून एकदा तिच्याकडे जायचे, ती मशीनवर बसल्याबसल्या मला कामं सांगायची, आणि तिने शिवण शिकवलेल्या पोरी लग्न होऊन पार उमापूर गावापर्यंत गेल्या तशा तिच्या ओव्याही गेल्या, याचा तिला उघड अभिमान होता.

आई गेल्यावर तिसऱ्या दिवशी बेनू मुंबईहून पोहोचला. तो आता तिथल्या सिनेगॉगमध्ये, आमच्या प्रार्थनामंदिरात, हज्जान आहे, प्रार्थना चालवणारा. तिथे बायका वरच्या सज्जात बसतात. खाली पुरुष म्हणतात, वर बायका फक्त आमेन, म्हणजे तसंच होवो, म्हणतात. शास्त्राच्या बाबतीत तो काकांपेक्षाही कडक. आम्ही सुतकात जमिनीवर बसलो होतो. गेलेल्या आईबापासाठी मुलाने म्हणायची कद्दीशची प्रार्थना त्याला म्हणायची होती, पण तिला दहा यहुदी पुरुष लागतात, आणि गेवराईत होता तो एकटाच. ज्या एका गोष्टीसाठी आईने त्याला नदीपार केलं, ती तिच्याच घरात त्याला करता येत नव्हती. पुस्तक मांडीवर घेऊन तो नुसता बसून होता.

सुतकात आमच्या घरी चूल पेटत नाही, शेजारी जेवण आणतात. चौथ्या पहाटे सोनाबाई आमच्यासाठी पीठ काढायला आईच्याच जात्यावर बसली. जात्याची घरघर येत होती, तिचा आवाज येत नव्हता. बेनू उठून दारापर्यंत गेला.

"सोनाकाकू, गप्प का?"

"तुमच्यात बाईचा आवाज चालत न्हाई म्हनं," ती मान वर न करता म्हणाली. "तुमी आता मोठे पुजारी. म्हनून गप हाय, बाबा."

तो तिथेच उंबऱ्याजवळ जमिनीवर बसला. "म्हणा," तो म्हणाला. "आईची म्हणा."

"यक हाय. पर ती तिनं तुमच्या म्होरं कदी म्हनली न्हाई. तुमी मुंबईहून पयल्यांदा येऊन गेलते ना, त्याच्या दुसऱ्या दिसाची हाय ती." मग तिने खुंटा धरला आणि ओवी म्हटली,

राजाची लेक पुसती, दूध पाजील गं कोण
आई म्हने मी व्हते दाई, आईपन ठिवी झाकून

मी ती पहिल्यांदाच ऐकत होते. बेनूने डोक्यावरची टोपी सरळ केली. सज्जातल्या बायका म्हणतात तसं, हलकेच, तो म्हणाला, "आमेन."

सोनाबाईला तो शब्द माहीत नव्हता. तिने मूठभर ज्वारी जात्यात टाकली आणि पुढची ओवी घेतली, आणि तीही संपली तेव्हा तो पुन्हा आमेन म्हणाला.