साहेबांकडे गेलेली करवंदं

मी घरी करवंदांची दारू घालत असे असं म्हटलं की माझ्या सुना एकमेकींकडे बघतात. रोज देवपूजा करणाऱ्या सासूच्या तोंडी हे शोभत नाही, असं त्यांना वाटत असावं. नसेल शोभत. सिल्वासात तीन वर्षं मी ती घातली आणि चांगली घातली, आणि त्या बाटल्यांनी माझं जे व्हायचं ते केलं.

पोर्तुगीज जाऊन सात-आठ वर्षं झाली होती. यांना तिथल्या कचेरीत कारकुनाची जागा मिळाली आणि आम्ही गिरगावातल्या दीड खोलीतून सिल्वासाच्या कौलारू घरात आलो. मुंबईत तेव्हा कडक दारूबंदी. वापीला उतरेपर्यंत दारूबंदी, आणि तिथून मोटारीने अकरा मैल आत गेलं की नाही. हे इतकं सोपं कसं असू शकतं, याचंच मला पहिले काही दिवस नवल वाटत होतं. बाजारात ताडीची मडकी घेऊन बसलेल्या बायांच्या पुढून जाताना मी पदर सावरून घ्यायची. त्या माझ्याकडे बघून हसायच्या.

महिन्याभरात मला मुलींच्या वर्गावर हंगामी शिक्षिका म्हणून घेतलं. मी मॅट्रिक होते, मराठी स्वच्छ लिहीत होते, आणि शिकवायला कुणी मिळत नव्हतं. अथाल, रांधा अशा आसपासच्या गावांहून मुली चालत यायच्या. पहिल्या दिवशी त्यांतली एकही माझ्याशी बोलली नाही, आणि दिवाळीपर्यंत एकही गप्प बसेना. मला तिथे किती बरं वाटत होतं ते मी शब्दांत सांगू शकत नाही. लग्नाआधी मी कुणाची तरी मुलगी होते, नंतर कुणाची तरी सून. त्या वर्गात मी बाई होते. मला एकच हवं होतं, ते 'हंगामी' हा शब्द पुसला जावा आणि मी कायम व्हावं.

आमच्या शेजारी एक म्हातारी ख्रिस्ती बाई राहायची. नवरा गेलेला, मुलगा आफ्रिकेत. मी तिला मावशी म्हणायची, ती मला बेन म्हणायची. गुजराती, मराठी आणि मध्येच एखादा पोर्तुगीज शब्द, असं तिचं बोलणं असे. तिच्या कोठीत वेताच्या जाळीत बसवलेल्या काचेच्या पोटफुग्या बाटल्या होत्या आणि प्रत्येकीत काहीतरी मुरत असायचं. पपनसाची साल, जांभळं, अननस, करवंदं. त्याला ती लिकोर म्हणायची. नाताळात पाहुण्यांना अंगठ्याएवढ्या पेल्यातून द्यायची. मलाही दिली. मी नको नको म्हणत जिभेचं टोक लावलं आणि पेला रिकामा करून खाली ठेवला.

"शिकव मला," मी म्हटलं.

पुढच्या मे महिन्यात मी पाटीभर करवंदं घेतली आणि माझं शहाणपण वापरलं. आम्ही कोकणातल्या. फळ म्हटलं की साखर, साखर म्हटलं की ऊन. सरबताला कोकमं घालतो तसं मी बरणीत करवंदांचा एक थर, साखरेचा एक थर असं रचलं, वरून मावशीने आणून दिलेली मोहाची पहिल्या धारेची थोडीशी ओतली, तोंडाला दादरा बांधला, त्यावर झाकण घट्ट दाबलं आणि बरणी अंगणात उन्हात ठेवून शाळेत गेले. चौथ्या दिवशी दुपारी बरणी फुटली. समोरच्या भिंतीवर माणूसभर उंचीपर्यंत जांभळे शिंतोडे उडाले होते. हे कचेरीतून जेवायला आले होते, ते दारातच उभे राहून पोट धरून हसले.

मावशीने येऊन बघितलं आणि डोक्याला हात लावला. "साखर पहिली घातली? अरे बेन, हे सरबत नाय! पहिला दारू. दारू फळाचा सगळा जीव काढून घेते. साखर पछी, फळ बाहेर काढल्यावर. आणि ऊन नाय, अंधार. आणि रोज सकाळी बाटली फिरवायची, विसरायचं नाय."

मग मी तिच्या हाताखाली शिकले. प्रत्येक करवंद बाभळीच्या काट्याने दोनदा टोचायचं, लोखंडाची सुई लावायची नाही. फळ बुडून वर दोन बोटं दारू राहिली पाहिजे. चाळीस दिवसांनी मलमलीतून गाळायचं, पिळायचं मात्र नाही, पिळलं की गढूळ होते. पाक पूर्ण गार करून मिसळायचा, आणि मग पुन्हा महिनाभर तिच्याकडे ढुंकून बघायचं नाही. हे शेवटचं मला सर्वांत जड जायचं.

बाटल्या रोज फिरवायचं काम यांनी आपणहून घेतलं. मला आश्चर्य वाटलं, कारण घरात पाण्याचा तांब्यासुद्धा हे स्वतः भरून घेत नसत. सकाळी अंघोळ झाली की कोठीच्या खोलीत जायचे, एकेक बाटली उचलून हलकेच फिरवायचे, उजेडाकडे धरून मला रंग दाखवायचे. "बघ, कालपेक्षा गडद झालंय." मी चहाचा कप घेऊन दारात उभी असायची. आमच्या संसारात आम्ही दोघांनी मिळून केलेली ती एकच गोष्ट. ती वर्षं माझी सुखाची होती हे मी आजही नाकारत नाही, आणि राग येतो तो त्यामुळेच.

पहिली चांगली बाटली गणपतीच्या सुमाराला तयार झाली. हे म्हणाले, "एक साहेबांकडे देऊ या का? तुझ्या कायम होण्याचं मी त्यांच्या कानावर घातलंय. शाळेचे कागद त्यांच्याच टेबलावरून जातात."

मी नाही म्हणायला हवं होतं. लाच म्हणायला जीभ वळेना, म्हणून मी भेट म्हटलं. वहीच्या कागदाची चिठ्ठी कापून त्यावर सुवाच्य अक्षरात 'करवंद' लिहून चिकटवलं, बाटलीच्या गळ्याला लाल दोरा बांधला. माझ्या नोकरीसाठी माझ्याच हातचं जातंय, यात गैर काय, असं मी मनाला सांगितलं. मग दिवाळीला एक गेली, नाताळला एक, होळीला एक. दर वेळी मी विचारायची, "काही म्हणाले का?" आणि दर वेळी हे म्हणायचे, "कागद हलतोय. धीर धर."

तिसऱ्या वर्षी हे स्वतः सायकलवर रांध्याला जाऊन तिथल्या बायांकडून करवंदं घेऊन आले. दोन टोपल्या. आम्ही ओटीवर बसून संध्याकाळपर्यंत टोचत होतो, मावशीही येऊन बसली होती. यांची बोटं जांभळी झाली होती आणि हे मला म्हणाले, "तुझ्यासारखी लिकोर मावशीचीपण होत नाही हं." मावशी मान खाली घालून टोचत राहिली. मला वाटलं, तिला चेष्टा आवडली नाही.

दिवाळी झाली आणि आठवड्याभरात यांना ताप आला. साहेबांकडे पाहुणे यायचे होते, बाटली त्या दिवशीच पोचायला हवी होती. हे म्हणाले, शिपायाकडे दे. मी म्हटलं, शाळेतून येताना मीच देते, वाटेवरच तर आहे. यांनी दोनदा नको म्हटलं. मला वाटलं, बायकोने दारूची बाटली घेऊन बंगल्यावर जायची यांना लाज वाटतेय.

साहेबांच्या बाई पुण्याकडच्या होत्या. मला बघून त्या लगबगीने पुढे आल्या, हाताला धरून आत नेलं आणि खुर्चीवर बसवलं. "अहो, तुम्ही कशाला आलात? इतकं चालायचं नाही तुम्ही."

मी गोंधळले. "का बरं?"

"तब्येत सांभाळा हो. आता काय, थोडेच दिवस. बदलीचा हुकूम झालाच आहे, महिन्याच्या आत मुंबईला जाल. इथली हवा तुम्हाला बाधली, दुसरं काय. तुमच्या यांनी दोन वर्षं किती खेपा घातल्या! प्रत्येक वेळी एकच, बायकोचं दुखणं, बायकोचं दुखणं. आमचे हे म्हणाले, इतकं बायकोचं करणारा माणूस मी पाहिला नाही."

माझ्या हातातली बाटली त्यांनी घेतली आणि चिठ्ठीवरचं अक्षर वाचून म्हणाल्या, "आणि एवढ्या आजारपणात तुम्ही हे करता, धन्य आहे तुमची."

मी विचारलं, "शाळेच्या कागदांचं साहेब काही बोलले का?"

"शाळेचे कागद? ते यांच्याकडे कुठे येतात? ते खातंच वेगळं."

मी हसले. मला अजून आठवतं, मी चक्क हसले, नमस्कार केला आणि बाहेर पडले. दोन वर्षं मी काट्याने एकेक करवंद टोचून स्वतःला तिथून हाकलून देण्याची तयारी करत होते. हे मला रस्त्यात, पोस्टाच्या समोर उभी असताना नीट कळलं.

मी घरी न जाता मावशीकडे गेले. तिला सगळं एका दमात सांगितलं. ती बटाटे सोलत होती, तिने सुरी खाली ठेवली नाही.

"मला ठाऊक होतं, बेन," ती म्हणाली. "पावसाआधी बोललेला मला तुझा धणी. बोलला, बेनला सांगू नको, रडेल. जाताना मोठ्या बाटल्या तुलाच देऊन जाईन, बोलला."

"आणि तू गप्प बसलीस? माझ्याबरोबर करवंदं टोचत बसलीस?"

"नवरा-बायकोमधी मी काय बोलू?"

त्या क्षणी मला यांच्यापेक्षा तिचाच राग जास्त आला. यांच्याकडून माझी अपेक्षा होती ती नवऱ्याकडून असते तेवढीच. तिला मी मावशी म्हटलं होतं. मी उठले आणि नंतरच्या तीन आठवड्यांत तिच्या ओट्यावर पाय ठेवला नाही. निघायच्या दिवशी ती दारात उभी होती तेव्हाही मी बोलले नाही. त्याचं वाईट वाटतं का? नाही वाटत.

हे पांघरूण घेऊन पडले होते. मी विचारलं तेव्हा यांनी नाकारलं नाही. उठून बसले आणि फाइल समजावून सांगावी तसं मला समजावलं. "आई तिकडे मुंबईत एकटी आहे. तिचं कारण दिलं असतं तर साहेब म्हणाले असते, आईला इकडे आण. बायकोच्या तब्येतीला काही उत्तर नसतं."

"मला विचारायचं होतं."

"विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस," हे म्हणाले. त्यांच्या मते इथे विषय संपला होता.

मी म्हटलं, "मी नाही म्हणाले असते, म्हणून तर विचारायचं होतं!" मग मी खूप बोलले, रडले, ताट आपटलं. यांनी ऐकून घेतलं. ताप उतरल्यावर हे बांधाबांध करायला लागले.

राजीनामा मलाच लिहावा लागला. 'घरगुती कारणास्तव' असं लिहून मी कागद हेडमास्तरांच्या पुढे ठेवला. त्यांनी वाचला, चष्मा काढला आणि खणातून दुसरा कागद काढला. "बाई, तुमचा कायमचा हुकूम परवाच आला. शनिवारच्या प्रार्थनेत सगळ्यांसमोर सांगणार होतो मी." कोणाच्या कानावर न घालता, कोणाला बाटली न देता, तो आपल्या रस्त्याने आला होता. हेडमास्तर म्हणाले, घरी एकदा विचारून बघा. मी म्हटलं, बदली झाली आहे, सामान बांधलंय.

मुंबईत मी पुन्हा शाळेत गेले नाही. आधी सासूबाईंचं अंथरूण, मग मुलं, आणि मग वय. यांनी पुढे चाळीस वर्षं ती गोष्ट सांगितली. लग्नकार्यात, बारशात, कुणी सिल्वासाचं नाव काढलं की हे सुरू व्हायचे. "तिकडे मोठी बढती मिळाली असती मला. पण हिला तिथली हवा मानवली नाही, सारखी आजारी. म्हटलं, बढती गेली तरी चालेल, बायको महत्त्वाची." ऐकणाऱ्या बायका माझ्याकडे कौतुकाने बघायच्या. सांगून सांगून यांना स्वतःलाही ते खरं वाटायला लागलं होतं. माझ्या मुलांनाही ते तसंच माहीत आहे, आणि यांच्या तेराव्याला थोरल्याने तीच आठवण सगळ्यांना सांगितली. मी तेव्हा गप्प बसले. आता बसणार नाही. सिल्वासाच्या शाळेत मी तीन वर्षं होते आणि त्या तीन वर्षांत आजारपणाची एक दिवसाचीही रजा मी घेतलेली नाही.